कोरी पाठ

आमच्याकडे सकाळी उठल्यावर पहिलं काम म्हणजे जमिनीची साय काढणं. चूळ भरणं, चूल पेटवणं, भांडणं, सगळं त्यानंतर. दुधावर धरते तशी पातळ, ओलसर साय रात्रीतून घरभर धरते आणि खाटेच्या पायांना, उंबऱ्याला, कोपऱ्यात राहिलेल्या चपलेला चिकटून बसते. एक दिवस आळस केलात तर खपून जातं. तीन दिवस केलात तर चप्पल दोन्ही हातांनी ओढावी लागते. महिनाभर केलात तर खाट गेली म्हणून समजा, आणि खाटेवर कुणी दुखणाईत असेल तर तोही गेला. बेटाच्या मनात काही वाईट नसतं. ते जिवंत आहे, आणि अंगावर जे स्वस्थ पडून राहील ते आपलं समजून आत घेतं.

मी सायकाढी. ज्या घरांत म्हातारी माणसं आहेत, बाळंतिणी आहेत किंवा नुसतेच ऐदी लोक आहेत, त्यांचीही साय मीच काढते. एका हातात पातं, दुसऱ्या हातात बादली आणि दिवसभर उकिडवं बसणं. सहाव्या वर्षापासून हेच चाललंय. माझे गुडघे माझ्यापेक्षा वीस वर्षांनी मोठे आहेत.

आमची वस्ती मांसावर आहे. बेटाचा कणा जिथे वर आलाय तिथे नुसतं हाड, पांढरं आणि कोरडं. शंभर पायऱ्या चढून गेलं की हाडावरची वस्ती लागते. हाडावर साय धरत नाही. खाट ठेवली तिथेच राहते, चप्पल काढली तिथेच सापडते. त्यामुळे तिथल्या लोकांची सकाळ रिकामी असते, आणि त्या रिकामपणात त्यांनी कायदे केले. त्यांनी लिहायचं, शिकवायचं, घड्याळं आणि औषधं करायची, निकाल द्यायचे. आम्ही साय काढायची. हाड मात्र बारा महिने गार, म्हणून आमची साय वाळवून त्यांच्या शेगड्यांत जाते. आमच्या घरातला केर जाळून ते ऊब घेतात आणि आम्हालाच 'ओलसर' म्हणतात. ही तिकडची शिवी. मेल्यावर मात्र सगळे खालीच येतात, कारण हाड कुणाला आत घेत नाही. चांगल्या चांगल्या न्यायाधीशांना मी या हातांनी जमिनीवर निजवलंय आणि अंगावर साय धरेपर्यंत माश्या हाकलत बसलेय. तेव्हा कुणी नाक मुरडत नाही.

दुसरी बेटं कधीमधी शेजारून पोहत जातात, हाक ऐकू येईल इतक्या जवळून. लहान असताना मी काठावर उभी राहून पलीकडच्या एका बाईला ओरडून विचारलं होतं, "तुमच्याकडे साय कोण काढतं?" तिच्या हातातही बादली होती. ती ओरडली, "आम्ही! आणि तुमच्याकडे?" मी उत्तर देईपर्यंत बेटं लांब गेली. उत्तर तिला कळलंच असेल.

कोण हाडाचं आणि कोण मांसाचं, हे पाठीवरून ठरतं. आमच्यात मूल जन्मलं की पहिल्याच दिवशी त्याला उघडं जमिनीवर ठेवतात. कोवळ्या कातडीला साय लागते आणि कमरेच्या वर तळहाताएवढा जांभळा डाग उठतो. त्याला आम्ही ओळख म्हणतो. बेटानं लेकरू ओळखलं, असं म्हणून बायका एकमेकींना मिठ्या मारतात. आठ दिवसांत कातडी निबर होते, मग डाग उठत नाही. आठव्या दिवशी पाठनीस येतो. हा वरचा अधिकारी. बाळांच्या पाठी पाहणं एवढंच त्याचं काम. तो वहीत 'ओळखीची' किंवा 'कोरी' असा एक शब्द लिहितो आणि निघून जातो. कोऱ्या पाठीच्या माणसाला हाडावर राहता येतं. ओळखीच्या पाठीला वर जाता येतं ते सरपणाची टोपली घेऊन, मागच्या दारानं, दुपारची घंटा होईपर्यंत.

माझी धाकटी बहीण मात्र एकसष्टाव्या पायरीवर जन्मली. आई नऊ महिन्यांचं पोट घेऊन सरपण वर नेत होती. मी नऊ वर्षांची, तिच्या मागे लहान टोपली घेऊन. पायऱ्या हाडाच्या. आईनं तिथेच बाळाला अंगावरच्या चादरीत गुंडाळलं, बराच वेळ वर बघितलं, मग खाली बघितलं, आणि म्हणाली, "हिला मी जमिनीवर ठेवणार नाही."

आठ दिवस आम्ही तिला हातावर वागवलं. खाटेवरही ठेवलं नाही, कारण साय खाटेच्या पायांवरून चढते. आई उभी राहिली की मी बसायचे, मी उभी राहिले की आई. वडील समुद्रावर गेले होते ते परत आलेच नव्हते, त्यामुळे तिसरे हात नव्हते. गल्लीतल्या बायका चालून आल्या. बेटाची चोरी करतेस, म्हणाल्या, आमच्या लेकरांपेक्षा तुझं लेकरू काय सोन्याचं आहे का. आई दारात पातं घेऊन बसली आणि एकीलाही आत येऊ दिलं नाही. माझे दंड भरून आले, बोटं वळेनाशी झाली, पण धाकटीची पाठ जमिनीला लागली नाही. आठव्या दिवशी पाठनीसानं ती पाठ भिंगातून पाहिली, थुंकी लावून घासून पाहिली आणि कपाळाला आठ्या घालून लिहिलं, 'कोरी'.

त्यानंतर तिची सोळा वर्षं म्हणजे आमच्या घरात पाहुणी असल्यासारखी. ती बाकावर पाय वर घेऊन वाचायची आणि मी बाकाखालची साय काढायचे. मला राग यायचा का? यायचा. खोटं कशाला बोलू? पण ती वाकून माझ्या केसांतली साय निवडायची आणि म्हणायची, "ताई, मी वर गेले ना, की तुलाही नेणार." हे होणार नाही हे मला माहीत होतं. तरी ऐकायला गोड वाटायचं.

सोळाव्या वर्षी ती वर गेली. एका घड्याळजीशी तिचं लग्न झालं. माणूस सरळ, जरा भित्रा. पन्नासाव्या पायरीवर एक कट्टा आहे, तिथे वरचे-खालचे भेटू शकतात. सुरुवातीला ती दर आठवड्याला यायची, मग महिन्याला, मग कधी यायची, कधी नाही. आई दर वेळी धुतलेली चादर अंगावर घेऊन कट्ट्यावर जाऊन बसायची. आई गेली तेव्हा धाकटीला खाली येता आलं नाही, तिची सासू आजारी होती म्हणे. मी एकटीनंच आईला माजघरात जमिनीवर निजवलं. शुद्धीत असताना आईचं शेवटचं बोलणं एवढंच, "तिला खाली येऊ देऊ नकोस."

आईवर साय धरली. तिथली साय अजूनही बाकी घरापेक्षा जाड धरते. त्या जागेवरून पातं फिरवताना मी हात हलका ठेवते. घरात दुसरं कुणी नव्हतं, आणि मला माझी बहीण हवी होती, इतकी की सकाळी बादली भरताना मी एकटीच तिच्याशी बोलत असे.

मग एक दिवस वरून निरोप आला. धाकटीला मुलगी झाली होती, दिवस भरायच्या आधीच, आणि ती पीत नव्हती.

मी सरपणाची टोपली उचलली आणि मागच्या दारानं गेले. घड्याळजीचं घर म्हणजे भिंतभर घड्याळं, दुरुस्तीला आलेली, प्रत्येकाची वेळ वेगळी आणि सगळी एकदम टिकटिकणारी. खोलीत शेगडी होती, पण धुरानं बाळ घुसमटायचं म्हणून विझवलेली. बाळ कापसात गुंडाळलेलं. ओठ निळे. धाकटीच्या डोळ्यांखाली काळं झालं होतं.

"ताई, ती तापतच नाही गं," ती म्हणाली. "अंगाशी धरली की जरा बरी असते. मी डुलकी घेतली की परत गार. किती वेळ जागू मी?"

"सासूबाई?"

"त्यांचं म्हणणं, हाडावरची मुलं काटक असतात. होईल आपोआप."

मी बाळाला छातीशी धरून बसले. माझं अंग उबदार; आम्हा खालच्या सगळ्यांचंच असतं. थोड्या वेळानं तिच्या ओठांत रंग आला. मग घंटा झाली आणि मला निघावं लागलं. दारातून वळून पाहिलं तर धाकटी कापूस घट्ट करत होती.

दुसऱ्या दिवशी सकाळी मी आईच्या जागेवरची साय कापली, चांगली जाड, उशीएवढी. ओल्या फडक्यात गुंडाळून टोपलीच्या तळाशी ठेवली आणि वर वाळलेलं सरपण रचलं. हाडावर जिवंत साय नेणं हा असा गुन्हा आहे की त्यासाठी माणसाला जिवंतपणी जमिनीला देतात, हातपाय बांधून. पण कापलेली साय मरते. वीस पायऱ्या चढेपर्यंत मरते, नुसती ऊब उरते, हे आमच्यातलं शेंबडं पोरही सांगेल. म्हणून तर ती वाळते, म्हणून तर ती जळते. मी जन्मभर साय काढलेली बाई, मला कोण शिकवणार?

वर पोचल्यावर मी धाकटीला म्हटलं, "जा, अंग धुऊन ये. मी आहे ना." ती गेली. मी पाळण्यात साय पसरली, वर पातळ फडकं घातलं आणि बाळाला उताणं ठेवलं. डोळ्यांदेखत तिचा रंग पालटला. मुठी उघडल्या. धाकटी परत आली तेव्हा बाळ भुकेनं रडत होतं आणि त्या दिवशी ते पहिल्यांदा पोटभर प्यायलं. धाकटी माझ्या गळ्यात पडून रडली. "तुझ्या हाताला काय आहे गं, ताई?" म्हणाली. घंटेच्या आधी मी साय काढून टोपलीत टाकली. असं मी तीन दिवस केलं. चौथ्या दिवशी बाळ आपोआप उबदार राहू लागलं, आणि ते जगणार हे सगळ्यांना कळलं. सासूबाई म्हणाल्या, "मी सांगितलंच होतं, काटक असतात."

आठव्या दिवशी पाठनीस आला. गार लागेल म्हणून तोवर घरात कुणी बाळाची पाठ उघडी केली नव्हती. मी मागच्या दाराशी सरपण रचत होते, दार उघडं होतं. तोच पाठनीस, आता म्हातारा झालेला. त्यानं सवयीनं बाळ पालथं केलं, लिहायला लेखणी उचलली आणि थांबला. भिंग काढलं. मग बाळ दिव्याजवळ नेलं. कमरेच्या वर तळहाताएवढा डाग होता, जांभळा, आमच्या गल्लीत कुणाच्याही पाठीवर असतो तसा.

घड्याळजी खाली बसला. सासूबाई धाकटीकडे बघून म्हणाल्या, "रक्तातून आलं. मी म्हणत होते, कोरी पाठ म्हणजे कोरं रक्त नव्हे."

"रक्तातून येत नाही," पाठनीस म्हणाला. "माझ्या वहीत आजवर आलेलं नाही. कुणी खालून काही आणलं होतं का?"

सगळ्यांनी माझ्याकडे पाहिलं. मी काही बोलायच्या आत धाकटी म्हणाली, "ताई फक्त वाळलेली आणते. माझी बहीण आहे ती, ती असं करणार नाही."

"वाळलेलीच," मी म्हटलं.

पाठनीसानं टोपली उलटी करून पाहिली. वाळलेलीच होती. मग त्यानं वहीत 'ओळखीची' असं लिहिलं आणि पुढे, इतक्या वर्षांत पहिल्यांदा, आणखी दोन शब्द लिहिले: 'आईच्या रक्तातून'.

कायदा स्पष्ट होता. ओळखीच्या पाठीचं मूल हाडावर राहू शकत नाही. आईला मुभा होती. तिनं मुलाबरोबर खाली जावं किंवा वर राहावं. मी घरी येऊन पलंगपोस धुतला. खिडकीपाशी तिच्यासाठी बाक सरकवला, तोच जुना बाक. खाटेच्या पायांभोवतीची साय दोनदा काढली. कट्ट्यावर गेले तेव्हा, सांगते, माझं मन हलकं होतं.

धाकटी बाळ घेऊन आली. एकटीच. बरोबर गाठोडं नव्हतं. तिनं बाळ माझ्या हातात दिलं आणि आपले हात चादरीखाली घेतले, परत मागू नयेत म्हणून असेल.

"तू?" मी विचारलं.

"मी नाही येत."

"अगं, तुझं लेकरू आहे ते!"

"आईनं मला आठ दिवस हातावर धरलं, ताई. तूही. तुझी बोटं वळत नव्हती, आई सांगायची. ते सगळं मी वाया घालवू? आई काय म्हणेल?" मग म्हणाली, "तुझ्याकडे ती उबेत राहील. इथे मी तिला नीट तापवूही शकले नाही."

ती चढून गेली. बाळ माझ्या छातीशी शांत झोपलं होतं.

त्याला सहा वर्षं झाली. पोर चुणचुणीत आहे, वाचाळ आहे, तिच्या हाताला पातं चांगलं बसतं, मला न विचारता म्हाताऱ्यांच्या खाटांखाली शिरते. मला आई म्हणते. मी शिकवलं नाही, तिनंच सुरू केलं, आणि मी तिला थांबवलं नाही. कट्ट्यावर भेटते ती तिची मावशी. धाकटीनं हे पहिल्यांदा ऐकलं तेव्हा एकदा माझ्याकडे पाहिलं आणि मान हलवली, म्हणजे असू दे.

परवा धाकटी आली तेव्हा पोरीसाठी एक बंद पडलेलं घड्याळ घेऊन आली. पोर ते कानाशी धरून हलवत पायऱ्यांवर उड्या मारत होती. धाकटीचे केस माझ्याआधी पिकलेत. घरात तिला मागची खोली दिली आहे. तिच्या हातचं पाणी सासूबाई घेत नाहीत. घड्याळजी दुकानातच झोपतो. दुसरं मूल नको, तेही असंच निघालं तर, असं त्यांचं ठरलंय. तिकडच्या गल्लीतल्या बायका ती पाणी भरते त्या नळावर नंबर लावत नाहीत. ती हे सगळं तक्रार म्हणून सांगत नाही. हवापाण्याबद्दल बोलावं तसं बोलते.

"ताई, तुला एक विचारायचं होतं," ती म्हणाली. "कधीपासून विचारीन म्हणते. माझ्या रक्तातच होतं का गं ते? आईनं एवढं केलं, तू एवढं केलंस, तरी माझ्यात खालचं राहिलंच का?"

इथे मला एक गोष्ट सांगायला हवी. त्या पहिल्या दिवशी, पाळण्यापाशी, मी ओलं फडकं सोडलं तेव्हा सायीची कड हलली होती. माझ्या करंगळीभोवती ती हळूच वळली, सकाळी चपलेभोवती वळते तशी. शंभर पायऱ्या चढूनही ती मेली नव्हती. का ते मला माहीत नाही. जाड होती म्हणून असेल, आईच्या जागेवरची होती म्हणून असेल. मला ते दिसलं. धाकटीच्या अंग धुण्याचा आवाज येत होता, बाळ गार पडत चाललं होतं, आणि मी करंगळी सोडवून घेऊन बाळाला त्यावर ठेवलं. बाळ मरेल ही भीती होती, हे खरं. पण त्या भीतीच्या शेजारी दुसरं काही होतं, तेही खरं. मला वाटलं, डाग उठला तर ही खाली येईल. लेकरामागे आई येतेच. दुसऱ्या दिवशी आणि तिसऱ्या दिवशीही मला तेच वाटलं, आणि त्या दोन्ही दिवशी बाळाला सायीची तितकी गरज राहिली नव्हती.

हे मी कट्ट्यावर बोलले असते तर धाकटीचं रक्त स्वच्छ ठरलं असतं. वहीतले दोन शब्द खोडले गेले असते. तिच्या हातचं पाणी लोक प्यायले असते. मला बांधून जमिनीला दिलं असतं आणि पोर कुणाच्या तरी दारात वाढली असती. पोर तेवढ्यात माझ्याकडे धावत आली, घड्याळ माझ्या कानाला लावलं आणि म्हणाली, "आई, ऐक ना, यात काहीच नाही!"

धाकटी माझ्या तोंडाकडे बघत होती. लहानपणी बाकावरून बघायची तशीच.

"असेल," मी म्हटलं. "रक्तातच असेल."

तिनं मान हलवली. एवढी वर्षं ताणलेले खांदे जरा खाली आले.

"हे म्हणतात, नसेल," ती म्हणाली. "पण ते माझं मन राखायला. बरं झालं, ताई. तू तरी मला खरं सांगितलंस."

तिनं पोरीच्या डोक्यावरून हात फिरवला आणि वर चढू लागली. ती दिसेनाशी होईपर्यंत पोर हात हलवत होती. मग आम्ही दोघी खाली आलो, कारण गल्लीतल्या एका म्हातारीच्या घरची साय काढायची राहिली होती.